वादग्रस्त नट, खाकी वर्दी आणि आपण

एखाद्या गुन्हेपटात किंवा दूरचित्रवाणीच्या गुन्हेमालिकेत बदनाम झालेला, खटल्यात सापडलेला किंवा शिक्षा भोगून आलेला नट घेतला, की दोन प्रतिक्रिया ठरलेल्या असतात. एक बाजू म्हणते, कलावंताचे काम पाहा, त्याच्या खासगी आयुष्याशी आपल्याला काय करायचे आहे? दुसरी बाजू म्हणते, अशा माणसाला पडद्यावर आणणाऱ्यांवर बहिष्कार घाला. हा वाद इटलीत होतो, मुंबईत होतो आणि आमच्या पाथर्डीसारख्या दुष्काळी तालुक्याच्या गावात चहाच्या टपरीवरही होतो. दोन्ही बाजूंच्या आरडाओरड्यात समीक्षा मात्र राहून जाते. हा माणूस नेमक्या याच भूमिकेसाठी का निवडला? त्याच्या बदनामीचा त्या कलाकृतीत काय उपयोग केला? आणि त्या निवडीमुळे प्रेक्षकाच्या मनात कोण निर्दोष ठरला, कोण गुन्हेगार ठरला? हे प्रश्न सहसा कोणी विचारत नाही. मराठी मुस्लिम वाचकाने तरी ते विचारले पाहिजेत, असे आम्हाला वाटते. कारण पडद्यावरच्या या निवाड्याची झळ आपल्या मोहल्ल्यापर्यंत येऊन पोचते.

नगरचा वारसा

भूमिका वेगळी आणि माणूस वेगळा, हे तत्त्व आम्हा नगर जिल्ह्यातल्या लोकांना नव्याने शिकवण्याची गरज नाही. शाहू मोडक हे अहमदनगरचे (२०२४ पासून अहिल्यानगर). १९१८ साली एका ख्रिस्ती कुटुंबात त्यांचा जन्म झाला. १९३२ च्या 'श्यामसुंदर' या बोलपटात ते कृष्ण झाले आणि पुढे कृष्णाची भूमिका त्यांच्याकडे वारंवार येत राहिली. १९३९ साली प्रभातच्या 'माणूस' मध्ये त्यांनी गणपत नावाचा पोलीस शिपाई केला. वेश्येवर जीव लावणारा, कर्तव्य आणि माया यांच्या ओढाताणीत सापडलेला हा पोलीस मराठी माणूस अजून विसरलेला नाही. त्यानंतर लगेच १९४० साली 'संत ज्ञानेश्वर' मध्ये तेच ज्ञानेश्वर झाले. एका ख्रिस्ती माणसाने माउलीचे रूप घेतले आणि महाराष्ट्राने ते डोळे भरून पाहिले.

दुसरे उदाहरण सदाशिव अमरापूरकर यांचे. तेही नगरचेच. 'अर्धसत्य' (१९८३) मधला त्यांचा रामा शेट्टी थंड, हसतमुख आणि म्हणूनच भीतिदायक होता. 'सडक' (१९९१) मधल्या त्यांच्या महाराणीला पाहून प्रेक्षक शहारत असत. जन्मभर खलनायक रंगवलेल्या या नटाला नगरच्या लोकांनी सामाजिक कामात उभा राहणारा भला माणूस म्हणूनच ओळखले. २०१४ साली ते गेले, तेव्हा हळहळ माणसाबद्दल होती आणि कौतुक खलनायकाचे होते. या दोन गोष्टी एकमेकींत मिसळल्या नाहीत.

तेव्हा भूमिका आणि माणूस यांत फरक करणे प्रेक्षकाला जमते, अगदी खेड्यातल्या प्रेक्षकालाही जमते. अडचण सुरू होते ती निर्माताच हा फरक पुसायला लागतो तेव्हा. नटाच्या आयुष्यातले प्रकरण भूमिकेवर चढवून तिकिटे विकायची, आणि कोणी बोट दाखवले की 'भूमिका वेगळी, माणूस वेगळा' म्हणून हात वर करायचे, अशी दुहेरी सोय चित्रपटसृष्टीने करून घेतली आहे. या लेखात आमचा आक्षेप या सोयीवर आहे. तिचे सर्वांत ठळक उदाहरण 'सडक' च्याच नायकाचे, संजय दत्तचे आहे.

खलनायक ते संजू

काही तारखा लक्षात ठेवल्याशिवाय ही गोष्ट कळत नाही. डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ मध्ये मुंबईत दंगली झाल्या. श्रीकृष्ण आयोगाच्या अहवालात नऊशे मृत्यूंची नोंद आहे आणि त्यांत बहुसंख्य मुस्लिम होते. १२ मार्च १९९३ रोजी बॉम्बस्फोट झाले, त्यांत २५७ माणसे मेली. त्याच वर्षी १९ एप्रिलला संजय दत्तला अटक झाली. दंगलींच्या काळात वडील सुनील दत्त दंगलग्रस्तांना मदत करत होते, घरी धमक्या येत होत्या, म्हणून कुटुंबाच्या रक्षणासाठी आपण एके-५६ रायफल घेतली, असे त्याचे म्हणणे होते. ऑगस्टमध्ये तो जामिनावर असताना सुभाष घई यांचा 'खलनायक' प्रदर्शित झाला. त्यात तो दहशतवादी बल्लू होता. चित्रपट आधीपासून तयार होत होता, हे खरे. परंतु चित्रपटगृहाबाहेर लागलेल्या रांगा एका भूमिकेसाठी होत्या की वर्तमानपत्रातल्या आरोपीसाठी, हे सांगणे त्या वर्षी कोणालाच शक्य नव्हते. बदनामीला बाजारभाव असतो, हा धडा मुंबईच्या चित्रपटसृष्टीने तेव्हा घेतला.

पुढे १९९४ मध्ये जामीन रद्द होऊन तो पुन्हा आत गेला आणि ऑक्टोबर १९९५ मध्ये सुटला. त्यानंतर आला महेश मांजरेकर यांचा 'वास्तव' (१९९९). आमच्या मते संजय दत्तच्या बदनामीचा प्रामाणिक उपयोग करणारा हा एक चित्रपट. पावभाजीची गाडी लावणारा रघू एका भांडणातून खुनी होतो, टोळीत चढत जातो आणि शेवटी भीतीने सैरभैर होतो. त्या शेवटच्या भागातला नटाचा चेहरा नुसत्या अभिनयाने आलेला वाटत नाही. पण दिग्दर्शक त्या चेहऱ्याच्या बदल्यात रघूला सूट देत नाही. रीमा लागू यांनी उभी केलेली आईच अखेर त्याच्यावर गोळी झाडते. इथे नटाचे आयुष्य भूमिकेला खरेपणा देते आणि भूमिका नटाला प्रमाणपत्र देत नाही.

त्यानंतरच्या वाटचालीत हा तोल सुटला. 'मुन्नाभाई एमबीबीएस' (२००३) ने गुंडाला प्रेमळ केले. 'लगे रहो मुन्नाभाई' १ सप्टेंबर २००६ रोजी आला आणि त्याने त्याच नटाच्या शेजारी गांधीजींना आणून बसवले. त्याच महिन्यात विशेष टाडा न्यायालय बॉम्बस्फोट खटल्याचे निकाल वाचू लागले. २८ नोव्हेंबर २००६ रोजी न्यायालयाने संजय दत्तला टाडाखालच्या आरोपांतून मुक्त केले आणि बेकायदा शस्त्र बाळगल्याबद्दल शस्त्र कायद्याखाली दोषी ठरवले. स्फोटांच्या कटात तो नव्हता, हे न्यायालयाने मान्य केले आहे आणि त्याच्याबद्दल लिहिताना ते सांगणे हा इन्साफचा भाग आहे. ३१ जुलै २००७ रोजी त्याला सहा वर्षांची सक्तमजुरी सुनावली गेली. सर्वोच्च न्यायालयाने २१ मार्च २०१३ रोजी ती पाच वर्षांवर आणली. मे २०१३ मध्ये तो शरण आला आणि २५ फेब्रुवारी २०१६ रोजी येरवड्यातून बाहेर पडला. २०१८ मध्ये 'संजू' आला आणि त्याने बराचसा दोष वर्तमानपत्रांच्या मथळ्यांवर टाकून मामला मिटवला.

शमशेर खानची वर्दी

दोषी ठरणे आणि शिक्षा सुनावली जाणे यांच्या मधल्या आठ महिन्यांत, २५ मे २००७ रोजी, अपूर्व लाखिया यांचा 'शूटआऊट अ‍ॅट लोखंडवाला' प्रदर्शित झाला. १६ नोव्हेंबर १९९१ रोजी अंधेरीच्या लोखंडवाला संकुलात माया डोळस, दिलीप बुवा आणि त्यांचे साथीदार पोलिसांच्या गोळ्यांनी ठार झाले, त्या घटनेवर हा चित्रपट बेतलेला आहे. त्या कारवाईचे नेतृत्व करणारे अधिकारी होते ए. ए. खान, मुंबईच्या दहशतवादविरोधी पथकाचे प्रमुख. पडद्यावर ते झाले शमशेर खान आणि ही भूमिका दिली गेली संजय दत्तला. बेकायदा शस्त्राबद्दल दोषी ठरलेला माणूस बेकायदा शस्त्रे बाळगणाऱ्यांचा नायनाट करणारा अधिकारी झाला.

हे केवळ योगायोगाने घडले असे मानले, तरी चित्रपटात त्याचा उपयोग कसा झाला ते पाहायला हवे. चित्रपटाची चौकट चौकशीची आहे. अमिताभ बच्चन यांनी केलेला वकील ढिंग्रा हा पोलीस अधिकाऱ्यांना समोर बसवून प्रश्न विचारतो. इतक्या गोळ्या का झाडल्या? शरण येण्याची संधी दिली का? रहिवाशांचे प्राण धोक्यात का घातले? हे प्रश्न खरे आहेत आणि लोकशाहीत ते विचारलेच पाहिजेत. पण अखेरीस हाच वकील कायद्याच्या प्रश्नाचे रूपांतर भीतीच्या प्रश्नात करतो. तुमच्या दाराबाहेर बंदूकधारी माणूस उभा असेल, तर तो कोण असावा असे तुम्हाला वाटते, पोलीस की गुंड? झाले. चौकशी संपली, पोलीस निर्दोष झाले. आणि पोलिसाच्या खुर्चीत बसलेला चेहरा संजय दत्तचा असल्यामुळे आणखी एक निर्णय प्रेक्षकाच्या नकळत होऊन गेला. घराच्या रक्षणासाठी शस्त्र घेतले, हाच तर त्या नटाचाही बचाव होता! पडद्यावरच्या वकिलाने एका अशिलाची बाजू मांडली आणि सुटले दोघे.

पात्रनिवड हाही एक निवाडा असतो, असे आम्ही म्हणतो ते या अर्थाने. चित्रपटाने नटाच्या खटल्याविषयी एक शब्द उच्चारला नाही. उच्चारला असता तर प्रेक्षक जागा झाला असता. न बोलता काम झाले. शिवाय भूमिकेचे नाव खान. त्याआधी 'मिशन कश्मीर' (२०००) मध्येही संजय दत्त इनायत खान नावाचा पोलीस अधिकारी झाला होता. प्रामाणिक मुस्लिम अधिकारी पडद्यावर दिसला, म्हणून आपल्यातल्या अनेकांना बरे वाटले. तो नर्गिसचा मुलगा, म्हणून आपलेपणाही वाटला. पण या आपलेपणाच्या भरात आपण हे पाहिले नाही, की आपल्या नावाचा चांगला माणूस दाखवायलाही चित्रपटाला एका मोठ्या घराण्याच्या नटाची बदनामी धुण्याचे निमित्त लागले.

या प्रकाराचा कळस २०१३ मध्ये झाला. ५ जुलैला 'पोलिसगिरी' प्रदर्शित झाला, तेव्हा त्याचा नायक येरवड्याच्या तुरुंगात होता. भिंतीभिंतींवर तो खाकीत उभा आणि प्रत्यक्षात कैद्याच्या कपड्यांत. चित्रपट अगदी सामान्य होता, पण जाहिरातीला एवढा विरोधाभास पुरेसा होता. 'वास्तव' मध्ये ज्या आयुष्याने भूमिकेला वजन दिले, तेच आयुष्य 'पोलिसगिरी' मध्ये भिंतीवरचा कागद झाले.

ज्यांना चेहरा नव्हता

याच खटल्याशी संबंधित दुसरा चित्रपट म्हणजे अनुराग कश्यप यांचा 'ब्लॅक फ्रायडे'. तो २००५ च्या आरंभी प्रदर्शित व्हायचा होता. चित्रपटामुळे खटल्यावर परिणाम होईल, अशी आरोपींच्या बाजूने तक्रार झाली आणि प्रदर्शनाला स्थगिती मिळाली. निकाल लागल्यावर फेब्रुवारी २००७ मध्ये तो पडद्यावर आला. म्हणजे खटल्याविषयी बोलणारा चित्रपट दोन वर्षे थांबला आणि खटल्यातला आरोपी मात्र त्या काळात पडद्यावर खुशाल वावरत राहिला. कायद्याने यात काही चूक नाही. पण लोकांचे मत कशाने अधिक घडते, खटल्यावरच्या चित्रपटाने की आरोपीच्या गोड हास्याने, याचा विचार करायला हवा.

'ब्लॅक फ्रायडे' ची पात्रनिवड या लेखाच्या दृष्टीने उद्बोधक आहे. त्यात बादशाह खान हा आरोपी आदित्य श्रीवास्तव यांनी केला आहे. हेच गृहस्थ दूरचित्रवाणीवरच्या 'सीआयडी' मालिकेत इन्स्पेक्टर अभिजित म्हणून घरोघरी पोचले होते. १९९८ साली सुरू झालेली ही मालिका पाथर्डीतल्या पोरांनीही वर्षानुवर्षे पाहिली. एसीपी प्रद्युम्न झालेले शिवाजी साटम तर मराठीच, 'वास्तव' मध्ये रघूचा बाप झालेले. अभिजितचा चेहरा बादशाह खानला दिल्याने काय साधले? प्रेक्षक त्या माणसाला आधीपासून घाबरत नव्हता किंवा त्याच्यावर फिदाही नव्हता. त्यामुळे गावोगाव भटकणारा, खिशातले पैसे संपलेला, ज्यांनी कामाला लावले त्यांनीच वाऱ्यावर सोडलेला हा आरोपी प्रथमच माणूस म्हणून दिसला. त्याचा गुन्हा चित्रपटाने लपवला नाही आणि त्याच्या गुन्ह्याचा तमाशाही केला नाही.

दूरचित्रवाणीने मात्र आरोपी आणि निवेदक यांची आणखी विचित्र गाठ घातली. १९९८ साली झी टीव्हीवर सुहैब इलियासी यांचा 'इंडियाज मोस्ट वाँटेड' सुरू झाला. फरारी गुन्हेगारांना पकडून देण्याचे आवाहन करणारा तो आवाज गाजला. २००० साली पत्नीच्या मृत्यूप्रकरणी खुद्द इलियासींनाच अटक झाली. २०१७ च्या डिसेंबरमध्ये जन्मठेप झाली आणि २०१८ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने त्यांना निर्दोष सोडले. अठरा वर्षांत हा माणूस फिर्यादी, आरोपी, गुन्हेगार आणि निर्दोष असा चारही ठिकाणी उभा राहिला. गुन्ह्याची बातमी आणि गुन्ह्याची करमणूक यांमधली भिंत किती पातळ असते, ते या एका उदाहरणातून कळते. रोज रात्री लोकांना 'वाँटेड' ठरवणाऱ्या पडद्याला नंतर कोण निर्दोष सुटले, याचे भाग करण्यात रस नसतो.

हा हिशेब आपल्यालाही लागू आहे. सप्टेंबर २००२ मध्ये वांद्र्यात बेकरीसमोर पदपथावर झोपलेल्या कामगारांच्या अंगावर गाडी गेली. एक जण मेला, चार जखमी झाले. त्या प्रकरणात सलमान खानवर खटला चालला. मे २०१५ मध्ये सत्र न्यायालयाने त्याला पाच वर्षांची शिक्षा दिली आणि डिसेंबरमध्ये उच्च न्यायालयाने निर्दोष सोडले. उच्च न्यायालयाचा तो निकाल मानूनच आम्ही पुढचे लिहितो. पण खटला चालू असताना, २०१० च्या ईदला, तोच 'दबंग' मध्ये इन्स्पेक्टर चुलबुल पांडे होऊन आला, तेव्हा आपल्या मोहल्ल्यांतली तरुण मुले नव्या कपड्यांत चित्रपटगृहाकडे धावली. पदपथावर झोपलेले ते कामगार आपल्याच मोहल्ल्यांतल्यासारखे गरीब, पोटासाठी मुंबईला गेलेले होते. त्यांची आठवण त्या ईदला किती जणांना झाली? संजय दत्तच्या चाहत्यांना नावे ठेवायची आणि आपल्या खानांच्या बाबतीत डोळे मिटायचे, ही समीक्षा नव्हे.

इटलीतला वेगळा मार्ग

बदनाम किंवा शिक्षा झालेल्या माणसाला पडद्यावर आणूच नये, असा आमचा आग्रह नाही. इटलीची उदाहरणे या संदर्भात पाहण्यासारखी आहेत. माफियावरच्या गुन्हेमालिकांची तिथे मोठी परंपरा आहे. १९८४ साली सुरू झालेल्या 'ला पिओव्रा' या मालिकेतला कमिशनर कत्तानी सर्व युरोपात गाजला. तो साकारणारे मिकेले प्लाचिदो नट होण्यापूर्वी खरोखर पोलिसात नोकरीला होते. तिथे वर्दी अनुभवातून आली होती.

याच्या उलट टोकाचे उदाहरण अनिएल्लो अरेना यांचे. हे नेपल्सचे, खुनाच्या गुन्ह्यात जन्मठेप भोगणारे कैदी. वोल्तेर्रा गावच्या तुरुंगात १९८८ पासून अर्मांदो पुंझो यांनी कैद्यांची नाटक मंडळी चालवली आहे, तिथे ते अभिनय शिकले. दिग्दर्शक मात्तेओ गार्रोने यांना ते 'गोमोरा' (२००८) या टोळ्यांवरच्या चित्रपटासाठी हवे होते. न्यायाधीशांनी परवानगी दिली नाही, कारण भूमिका त्यांच्या जुन्या गुन्हेगारी आयुष्याच्या फार जवळची होती. पुढे 'रिॲलिटी' (२०१२) साठी परवानगी मिळाली. चित्रीकरण करायचे आणि पुन्हा कोठडीत जायचे, असे ते काम झाले. भूमिका कोणती होती? 'बिग बॉस' सारख्या कार्यक्रमात शिरण्यासाठी वेडा झालेल्या एका साध्या मासळीविक्याची! त्याच वर्षी तावियानी बंधूंनी रेबिब्बिया तुरुंगातल्या कैद्यांकडून शेक्सपिअरचे 'ज्युलियस सीझर' करवून घेतले आणि त्या चित्रपटाला बर्लिनच्या महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळाले.

फरक कुठे आहे? पहिला फरक हा, की हे कैदी अनोळखी होते आणि त्यांच्या गुन्ह्याला झगमगाट नव्हता. दुसरा, त्यांची शिक्षा चालूच राहिली, कलेने ती माफ केली नाही. तिसरा आम्हाला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. न्यायाधीशाने भूमिका आणि गुन्हा यांच्यातले अंतर तपासले. आपल्याकडे नेमके उलटे होते. जेवढे अंतर कमी, तेवढी निर्मात्याची कमाई जास्त.

आपल्या दीनमध्ये या प्रश्नाचे एक साधे सूत्र आहे. अल्लाहच्या हक्कात झालेली कसूर तौबा केल्याने माफ होऊ शकते. माणसाच्या हक्कात, हुकूकुल इबादमध्ये, झालेली कसूर मात्र ज्याचे नुकसान झाले त्यानेच माफ करायची असते. तुरुंगातून सुटलेल्या माणसाला पुन्हा उभे राहण्याचा, कमावण्याचा, सन्मानाने जगण्याचा हक्क आहे, आणि तो संजय दत्तलाही आहे. पण माफी देण्याचा अधिकार तिकीट विकणाऱ्याकडे नाही.

मढीच्या वाटेवरून पाहताना

पाथर्डी तालुक्यात मढी हे कानिफनाथांचे गाव आहे. होळीपासून गुढीपाडव्यापर्यंत तिथे यात्रा भरते, गाढवांचा बाजार भरतो. महाराष्ट्रभरच्या भटक्या-विमुक्त जमाती तिथे जमतात आणि त्यांच्या जातपंचायतीही पिढ्यान्‌पिढ्या तिथेच बसत आल्या. यांतल्या अनेक जमातींवर इंग्रजांच्या १८७१ च्या कायद्याने जन्मजात गुन्हेगार असा शिक्का मारला. १९५२ मध्ये कायदा गेला, शिक्का राहिला. चोरी कुठेही होवो, पारध्याच्या पालावर पोलीस आधी येतो. या माणसांनी कोणत्याही गुन्हेमालिकेत वर्दी घातलेली आम्ही पाहिलेली नाही. त्यांची निवड जन्माच्या वेळीच होऊन गेलेली असते.

याच मढीच्या ग्रामसभेत फेब्रुवारी २०२५ मध्ये, यात्रेत मुस्लिम व्यापाऱ्यांना दुकाने लावू द्यायची नाहीत, असा ठराव झाला. बांगड्यांचे, खेळण्यांचे, मिठाईचे पाल ठोकून पोट भरणाऱ्या माणसाला आपल्या नावाची शिक्षा भोगावी लागली. त्याने गुन्हा काय केला, हे कोणी विचारले नाही आणि सांगितलेही नाही. दोषी ठरलेला नट खाकी घालून भिंतीवर शोभतो आणि दोष नसलेला मणेरी यात्रेत नकोसा होतो, या दोन गोष्टी वेगवेगळ्या नाहीत. कोणाचे नाव माणसापासून वेगळे करायचे आणि कोणाचे नाव हाच पुरावा मानायचा, हे ठरवणारी सवय एकच आहे. ती सवय लावण्यात गुन्हेपटांचा आणि गुन्हेमालिकांचा वाटा मोठा आहे.

ज्यांना मोठे नाव नव्हते त्यांचे काय झाले, तेही पाहावे. बॉम्बस्फोटांच्याच खटल्यात, शस्त्रे काही काळ घरात ठेवल्याबद्दल एका वृद्ध मुस्लिम महिलेला टाडाखाली पाच वर्षांची शिक्षा झाली आणि २०१३ मध्ये ती कायम झाली, तेव्हा ती सत्तरीची होती. नाशिकच्या टाडा खटल्यातले अकरा मुस्लिम आरोपी फेब्रुवारी २०१९ मध्ये निर्दोष सुटले, तेव्हा १९९४ पासूनची पंचवीस वर्षे निघून गेली होती. मालेगावच्या २००६ च्या स्फोटांत पकडलेले मुस्लिम तरुण एप्रिल २०१६ मध्ये दोषमुक्त झाले. जुलै २००६ च्या मुंबई लोकल स्फोटांच्या खटल्यातले शिक्षक अब्दुल वाहिद शेख २०१५ मध्ये निर्दोष सुटले. त्यांच्यावर सुदर्शन गमरे यांनी 'हिमोलिम्फ' नावाचा चित्रपट २०२२ मध्ये काढला. त्यात कोणी बडा नट नव्हता. आमच्या गावात तो पाहिलेला माणूस आम्हाला भेटलेला नाही. त्याच खटल्यातल्या बारा आरोपींची शिक्षा मुंबई उच्च न्यायालयाने २१ जुलै २०२५ रोजी रद्द केली आणि राज्य शासन सर्वोच्च न्यायालयात गेले. बदनामीला बाजारभाव असतो असे वर म्हटले. निर्दोषत्वाला तो नसतो.

अर्थात सगळाच अंधार नाही. हन्सल मेहता यांच्या 'शाहिद' ने, २०१० मध्ये खून झालेल्या अ‍ॅड. शाहिद आझमी यांची गोष्ट सांगितली. त्यासाठी तेव्हा फारसे नाव नसलेल्या राजकुमार राव याला घेतले. नटाची कीर्ती आड आली नाही, म्हणून आपल्याला वकील दिसला, त्याचे अशील दिसले, न्यायालयातल्या कळकट फायली दिसल्या. या अभिनयाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. साधी पात्रनिवडही प्रेक्षकापर्यंत पोचू शकते, याचा हा पुरावा आहे.

तेव्हा करायचे काय? बहिष्काराच्या घोषणांतून काही निघत नाही. त्यातून चित्रपटाची जाहिरात मात्र फुकट होते. कोणत्याही गुन्हेपटापुढे किंवा मालिकेपुढे आपण तीन प्रश्न ठेवावेत. या नटाची बदनामी भूमिकेला सत्याकडे नेते की फक्त गर्दी खेचते? ज्यांचे नुकसान झाले, ते लोक त्या गोष्टीत कुठे आहेत? आणि याच प्रकारच्या आरोपातला एखादा अनोळखी शेख, पठाण किंवा पारधी असता, तर या दिग्दर्शकाने त्याला कोणती भूमिका दिली असती? 'वास्तव' यांतून बऱ्याच अंशी उतरतो, 'ब्लॅक फ्रायडे' उतरतो, 'पोलिसगिरी' पहिल्याच प्रश्नाला अडतो.

शेवटचे काम आपल्या लेखकांचे आहे. मुस्लिम मराठी साहित्याने तलाकची, गरिबीची, दंगलीची गोष्ट सांगितली. निर्दोष सुटून गावी परतलेल्या माणसाची गोष्ट अजून पुरेशी सांगितलेली नाही. त्याला भाड्याने खोली मिळते का, त्याच्या बहिणीला स्थळ येते का, बाजारात लोक त्याच्याशी आधी बोलतात की त्यानेच आधी बोलायचे, हे लिहिणारे नाटक, एकांकिका किंवा मालिकेची संहिता आपल्यातूनच यावी लागेल. त्यासाठी मोठा नट लागत नाही. नगर जिल्ह्याने एका ख्रिस्ती मुलाला ज्ञानेश्वर होताना पाहिले आहे. पाथर्डी-तिसगावच्या एखाद्या मुलाने स्वतःच्याच नावाने रंगमंचावर उभे राहून निर्दोष माणसाची भूमिका केली, तर तीही हा जिल्हा पाहील, असा आम्हाला विश्वास आहे.